चालत्या धंद्याचे आकडे खोटे निघाले तर: नोटिशीपासून बातमीपर्यंत

चालता धंदा विकत घेऊन पस्तावलेला पक्षकार वकिलाकडे येतो तेव्हा त्याचं पहिलं वाक्य ठरलेलं असतं, "मला फसवलं." ते वाक्य आम्ही टिपून घेत नाही. समोरच्याने नेमके कोणते शब्द वापरले, कोणत्या तारखेला, तोंडी की मेसेजवर, समोर कोण होतं आणि ते ऐकून तुम्ही कोणतं पाऊल उचललं, एवढंच आधी विचारतो. यावर पक्षकार थोडा नाराज होतो. पण पुढे दोन-पाच वर्षं जो दावा चालणार असतो, तो या एका विधानाभोवती फिरतो. आणि मधेच वर्तमानपत्रात बातमी आली, तर तिचंही खरंखोटं याच कसोटीवर लागतं.

नमुन्याला कोचिंग क्लासची विक्री घेऊ, कारण त्यात सगळे प्रकार एकत्र सापडतात. विकणारा म्हणतो, "चालू वर्षाला १८० मुलं आहेत." सोबत एका दैनिकातल्या पुरवणीचा फोटो पाठवतो, त्यात क्लास 'अग्रगण्य' वगैरे. करार होतो, निम्मी रक्कम बँकेतून जाते, उरलेल्या रकमेचे पुढच्या तारखांचे चेक दिले जातात. ताबा घेतल्यावर वर्गात मुलं दिसतात निम्म्याहूनही कमी.

१८० हा आकडा सहसा हवेतून काढलेला नसतो. पावतीपुस्तकं मागवून पावत्या मोजल्या तर खरोखरच १८० भरतात. मेख हप्त्यांत असते. एकाच मुलाच्या फीचे तीन हप्ते म्हणजे तीन पावत्या. आम्ही साधा तक्ता करतो: पावती क्रमांक, तारीख, मुलाचं नाव, पालकाचा मोबाईल, रक्कम. मोबाईल नंबरावर क्रम लावला की तेच नंबर एकाखाली एक येतात आणि मुलं उरतात ७१. नावावर क्रम लावू नये, कारण 'श्रेया' एका पावतीवर 'श्रिया' झालेली असते. हा तक्ता खुद्द पक्षकाराकडूनच करून घ्यावा. पुढे साक्ष त्याला द्यायची आहे, आणि दुसऱ्याने केलेल्या तक्त्यावर उलटतपासणी झाली की माणूस अडखळतो.

आता खरा प्रश्न: विकणाऱ्याला ७१ माहीत होतं का? भारतीय करार कायदा, १८७२ मध्ये दोन वेगळी कलमं आहेत. कलम १७ कपटाचं: जे खरं नाही हे स्वतःला ठाऊक आहे, तेच खरं म्हणून सांगणं किंवा माहीत असलेली गोष्ट मुद्दाम झाकणं. कलम १८ मिसरिप्रेझेंटेशनचं: माणूस आपलं म्हणणं खरं मानतो, पण तसं ठामपणे सांगण्याइतकी माहिती त्याच्यापाशी नव्हती. कारकुनाने दिलेला आकडा न पडताळता पुढे ढकलणारा मालक कलम १८ मध्ये बसतो. करार रद्द करण्याचा पर्याय दोन्हींत मिळतो, कलम १९ खाली. मग इतका काथ्याकूट कशाला? कारण प्रतिवादीला मिळणारा बचाव दोन्हींत सारखा नाही.

कलम १९ ला एक अपवाद जोडलेला आहे. संमती मिसरिप्रेझेंटेशनमुळे किंवा कपटी मौनामुळे मिळवलेली असेल आणि साधी काळजी घेतली असती तर खरेदीदाराला सत्य कळलं असतं, तर करार रद्द करता येत नाही. थेट खोटं बोलून केलेल्या कपटाला हा अपवाद लागू नाही. इंग्लंडमध्ये १८८१ च्या रेडग्रेव्ह विरुद्ध हर्ड खटल्यात वेगळी भूमिका घेतली गेली. सॉलिसिटरने आपल्या व्यवसायाचं उत्पन्न वर्षाला सुमारे ३०० पौंड सांगितलं, कागद समोर ठेवले, खरेदीदाराने ते नीट पाहिले नाहीत. तरी न्यायालय खरेदीदाराच्या बाजूने गेलं. तो निकाल वाचून आपल्याकडे कुणी निर्धास्त राहू नये. पावतीपुस्तकं टेबलावर होती आणि तुम्ही चाळली नाहीत, हा मुद्दा आपल्या न्यायालयात प्रतिवादीच्या पथ्यावर पडतो, निदान कपट सिद्ध होत नाही तोवर.

म्हणून माहीत असल्याचा पुरावा शोधावा लागतो, आणि तो हिशेबाच्या वहीत क्वचितच असतो. सापडतो तो बाजूच्या कागदांत. सराव परीक्षेच्या प्रश्नपत्रिका छापल्याचं बिल पाहावं: प्रती ७५, खाली मालकाची सही. ज्या महिन्यात तो १८० मुलं सांगत होता, त्याच महिन्यात त्याने ७५ प्रश्नपत्रिका छापून घेतल्या. असं एक बिल दहा साक्षीदारांना भारी पडतं. बाकांची खरेदी आणि पालकांच्या व्हॉट्सअॅप ग्रुपची सदस्यसंख्या यांतूनही हेच हाती लागू शकतं. जीएसटीही पाहावा. खासगी कोचिंगवर १८ टक्के कर आहे आणि सेवांसाठी नोंदणीची मर्यादा साधारणपणे वार्षिक २० लाखांची. वर्षाला ३० लाख फी जमते म्हणणाऱ्याकडे नोंदणीच नसेल, तर एकतर आकडा खोटा, नाहीतर कर चुकवलेला. ही पडताळणी सह्या करण्याआधी केली तर वकिलाची गरजच पडत नाही, हे जाता जाता.

तारखाही नीट लावाव्या लागतात. विधान ज्या दिवशी केलं तेव्हा खरं असेल आणि करारावर सह्या होईपर्यंत खोटं ठरलं असेल, तर? १९३६ च्या विथ विरुद्ध ओफ्लॅनगन खटल्यात डॉक्टरने जानेवारी १९३४ मध्ये प्रॅक्टिसचं उत्पन्न वर्षाला २००० पौंड सांगितलं, ते तेव्हा खरं होतं. मग तो आजारी पडला, रुग्ण पांगले आणि मे महिन्यात सह्या झाल्या तेव्हा धंद्यात फारसं काही उरलं नव्हतं. बदल सांगणं त्याचं कर्तव्य होतं, असं न्यायालयाने ठरवलं. क्लासच्या बाबतीत हे वारंवार घडतं: बोलणी जूनमध्ये, सह्या सप्टेंबरमध्ये, आणि मधे गणिताचे सर पंचवीस मुलं घेऊन बाहेर पडलेले.

करारात एक ठरीव वाक्य असतंच: "खरेदीदाराने सर्व बाबींची स्वतः पाहणी करून खात्री करून घेतली आहे." कपटावर याने पांघरूण पडत नाही. मात्र 'मी त्यांच्या शब्दावर विसंबलो' हे सांगणं त्यामुळे अवघड होतं. त्याहून वाईट म्हणजे खरेदीदाराने आपला सीए पाठवून तपासणी करून घेतलेली असणं. तपासनीस नेमला की तुम्ही विक्रेत्याच्या शब्दावर चाललात की तपासनिसाच्या, हा प्रश्न येतोच. त्यावर साधा उपाय आहे: सह्या होण्यापूर्वी विद्यार्थिसंख्या, फीची जमा रक्कम आणि शिक्षकांची नावं परिशिष्ट म्हणून कराराला जोडून त्यावर विक्रेत्याची सही घ्यायची. विकणारा परिशिष्टाला नकार देत असेल तर तिथेच काय ते समजावं.

खोटेपणा कळल्यावरचे पहिले काही दिवस सगळ्यांत नाजूक. प्रकरणं इथेच बिघडतात. सत्य कळूनही खरेदीदार पुढचा हप्ता भरतो, पाटीवर स्वतःचं नाव लावतो, नव्या बॅचची जाहिरात देतो, आणि सहा महिन्यांनी करार रद्द करा म्हणतो. तोवर त्याने वागण्यातून करार मान्य केलेला असतो. विशिष्ट साहाय्य कायदा, १९६३ च्या कलम २७ प्रमाणे अशी मान्यता दिलेली असेल, परिस्थिती इतकी बदललेली असेल की दोघांना पूर्वस्थितीत नेता येत नाही, किंवा एखाद्या तिऱ्हाइताने प्रामाणिकपणे, मोबदला देऊन हक्क मिळवले असतील, तर न्यायालय रद्द करायला नकार देऊ शकतं. मुदत कायद्याच्या अनुच्छेद ५९ खाली सत्य कळल्यापासून ३ वर्षं मिळतात हे खरं, पण त्या ३ वर्षांच्या भरवशावर गप्प बसणाऱ्याचा हक्क मुदत संपण्याआधीच हातचा जाऊ शकतो.

मुलं मधल्या वर्षात आहेत, क्लास बंद तर करता येत नाही. अशा वेळी नोटीस ताबडतोब द्यावी आणि तीत स्पष्ट लिहावं की विद्यार्थ्यांचं नुकसान टाळण्यासाठी, हक्क राखून, वर्ग चालवले जात आहेत. येणारी फी स्वतंत्र बँक खात्यात ठेवावी, पगार आणि भाडं त्यातूनच द्यावं, नवीन प्रवेश घेऊ नयेत. करार कायद्याच्या कलम ६४ प्रमाणे करार रद्द करणाऱ्याला मिळालेला लाभ परत करावा लागतो. हे खातं तयार असलं की तो हिशेब एका उताऱ्यावर मिटतो.

नोटिशीत पर्यायही ठरवावा लागतो. कलम १९ दोन वाटा देतं: करार मोडून पैसे परत मागा, किंवा करार कायम ठेवून 'सांगितलेलं खरं असतं तर मी ज्या स्थितीत असतो तिथे आणून ठेवा' म्हणा. दोन्ही एकदम मागणारी नोटीस आम्हाला समोरून येते तेव्हा उत्तर लिहायला सोपी जाते. करार मोडायचा असेल तर 'करार याद्वारे रद्द करीत आहे' हे शब्द नोटिशीत असलेच पाहिजेत. 'योग्य ती कायदेशीर कारवाई करण्यात येईल' याने काहीही रद्द होत नाही. नोटीस पोचपावतीसह टपालाने आणि त्याच दिवशी ईमेलवरही.

चेकचा प्रश्न नोटिशीबरोबरच हाताळायचा. बँकेला पेमेंट थांबवायला सांगितलं म्हणजे सुटलो असं नसतं. त्या कारणाने परत गेलेला चेकही परक्राम्य संलेख कायद्याच्या कलम १३८ मध्ये येतो. चेक परत गेल्याची माहिती मिळाल्यापासून ३० दिवसांत समोरचा नोटीस देतो, ती मिळाल्यावर १५ दिवसांत पैसे भरायचे असतात, नाहीतर फौजदारी तक्रार. कायदेशीर देणंच उरलेलं नाही, हा बचाव आपला; पण गृहीतक चेक धारकाच्या बाजूचं असतं. त्यामुळे करार रद्द केल्याची नोटीस चेकच्या तारखेआधी पोचलेली असणं फार मोलाचं. चेकच्या नोटिशीला उत्तर न देता राहू नये.

पोलिसांत जाऊ का, हे प्रत्येक जण विचारतो. फसवणुकीच्या गुन्ह्यासाठी व्यवहाराच्या सुरुवातीलाच अप्रामाणिक हेतू होता हे दिसायला हवं. सर्वोच्च न्यायालयाने २००० साली हृदयरंजन प्रसाद वर्मा प्रकरणात हे स्पष्ट केलेलं आहे. छपाईच्या बिलासारखा पुरावा हाती असेल तर जावं. नुसता दबाव आणण्यासाठी गेलात तर गुन्हा रद्द होण्याचा धोका असतो, आणि तो आदेश प्रतिवादी दिवाणी न्यायालयात मिरवतो.

दाव्याच्या मसुद्यात दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश ६, नियम ४ विसरू नये. कपट किंवा मिसरिप्रेझेंटेशन म्हटलं की तपशील, तारखांसकट, दाव्यातच लिहावे लागतात. "प्रतिवादीने वेळोवेळी खोटी आश्वासनं दिली" या वाक्याचा न्यायालयात शून्य उपयोग. "दि. अमुक रोजी सायंकाळी प्रतिवादीने वादीस व्हॉट्सअॅपवर 'टोटल १८० स्टुडंट्स, सगळ्यांची फी क्लिअर' असा संदेश पाठवला" हे चालतं. स्पेलिंगच्या चुका, इमोजी, सगळं जसंच्या तसं. करारात लवादाचं कलम असेल तर 'कपट आहे म्हणून लवाद नाही' ही पळवाट आता सहज चालत नाही. दोन पक्षांच्या आपसातल्या कपटाचे वाद लवादाकडे जाऊ शकतात. वाद व्यावसायिक न्यायालयाच्या कक्षेत येत असेल आणि तातडीचा अंतरिम आदेश नको असेल, तर आधी मध्यस्थी करणं बंधनकारक आहे. ती न करता दाखल केलेला दावा फेटाळला जाऊ शकतो.

मेसेज सिद्ध करताना स्क्रीनशॉटची रंगीत प्रिंट पुरत नाही. १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र लागतं: भाग अ पक्षकाराने भरायचा, भाग ब तज्ज्ञाने, आणि त्यात फाइलची हॅश व्हॅल्यू, म्हणजे फाइल बदललेली नाही हे दाखवणारा तिचा सांकेतिक आकडा. मूळ फोन विकू नका, रिसेट करू नका, बॅटरी गेली तरी जपून ठेवा. चॅट एक्स्पोर्ट करून ठेवा. समोरच्याने 'डिलीट फॉर एव्हरीवन' केलं तर त्याची खूणही दिसते, तिचाही फोटो घ्यावा.

उलटतपासणी कशी होते त्याचा मासला:

"ताबा घेण्याआधी तुम्ही क्लासमध्ये किती वेळा गेलात?"
"तीनदा."
"वर्ग चालू असताना?"
"एकदा."
"तेव्हा वर्गात किती मुलं होती?"
"तीस-पस्तीस असतील."
"बाकीची कुठे आहेत, असं विचारलंत?"

इथे साक्षीदार गप्प झाला की कलम १९ चा अपवाद लागू होण्याची वाट मोकळी होते. खरं उत्तर बहुधा असतं, फक्त ते दाव्यात आधी लिहिलेलं असावं लागतं: विचारलं होतं, आणि 'बाकीच्या बॅचेस सकाळी आणि रविवारी असतात' असं सांगितलं गेलं. म्हणजे एका खोट्यावर दुसरं. हे दुसरं विधान अनेकदा पहिल्याहून उपयोगी पडतं, कारण ते थेट प्रश्नाला दिलेलं उत्तर असतं आणि खरेदीदाराने चौकशी केली होती हेही त्यातून दिसतं.

आता ते पुरवणीतलं कात्रण. वर्तमानपत्रात छापून आलं म्हणून मजकूर सिद्ध होत नाही; लक्ष्मीराज शेट्टी प्रकरणात १९८८ साली सर्वोच्च न्यायालयाने बातमीला ऐकीव पुराव्याचंच स्थान दिलं. शिवाय ते विधान वर्तमानपत्राचं, विक्रेत्याचं नाही, असा बचाव येतोच. दोन कागद हा बचाव मोडतात. एक, विक्रेत्याने तो फोटो स्वतः "हे बघा" म्हणून पाठवल्याचा मेसेज. तिथे त्याने मजकूर आपला म्हणून वापरला. दुसरा जाहिरात विभागाकडचा: रिलीज ऑर्डर (जाहिरात छापण्याची लेखी ऑर्डर) आणि बिल. अशा पुरवण्यांतले 'यशोगाथा' छापाचे लेख बऱ्याचदा पैसे देऊन छापलेले असतात, आणि कोपऱ्यात नखाएवढ्या अक्षरांत 'जाहिरात' किंवा 'प्रायोजित' असतं. फोटो पाठवताना तो कोपरा कापलेला असेल, तर मूळ अंक मिळवून दोन्ही शेजारी शेजारी दाखल करावेत. रिलीज ऑर्डर आपणहून मिळत नाही, न्यायालयाकडून समन्स काढून मागवावी लागते.

दावा दाखल झाला की बातमी येते, आणि इथे दिशाभुलीचं पारडं उलटं फिरतं. सर्वांत जास्त गोंधळ होतो तो तूर्तातूर्त मनाई हुकमाच्या बातमीत. प्रतिवादीला ऐकण्याआधी, पुढच्या तारखेपर्यंत, 'क्लास तिसऱ्याला विकू नये' एवढाच आदेश असतो. दुसऱ्या दिवशी मथळा येतो: 'क्लासचालकाला न्यायालयाचा दणका, विक्री करार रद्द'. करार रद्द झालेला नसतो, कपट सिद्ध झालेलं नसतं, न्यायालयाने ठरवायचे वादाचे मुद्देसुद्धा निघालेले नसतात. चूक बातमीदाराच्या दुष्टपणाने होते असं नाही. त्याच्या हातात वादीच्या वकिलाने दिलेली दाव्याची प्रत असते, आदेशाचं पान बहुधा नसतं, आणि मथळा दुसराच कुणीतरी लावतो. उपसंपादकाने एवढंच पाहावं: वाक्य नोटिशीतलं आहे, दाव्यातलं आहे, फिर्यादीतलं आहे की आदेशातलं, आणि ते बातमीत तसं लिहिलंय का. न्यायालयीन कामकाजाचं बऱ्याच अंशी खरं वृत्त देणं हा बदनामीला अपवाद आहे. वकिलाच्या खासगी नोटिशीच्या बातमीला तो आसरा मिळत नाही.

बातमी चुकली तर आधी संपादकाला पत्र. त्यात 'आमची बदनामी झाली' या सुरापेक्षा दोन रकाने कामाचे: डावीकडे छापलेलं वाक्य, उजवीकडे आदेशातला परिच्छेद क्रमांकासह मजकूर, सोबत आदेशाची प्रमाणित प्रत. खुलासा कोणत्या पानावर हवा आणि संकेतस्थळावरच्या बातमीत काय दुरुस्त व्हावं, तेही लिहावं. वेबवरची बातमी गुपचूप बदलते, म्हणून पत्र पाठवण्याआधी ती तारीख-वेळेसह साठवून घ्यावी.

उत्तर समाधानकारक नसेल तर भारतीय प्रेस कौन्सिल. दैनिक-साप्ताहिकाविरुद्ध तक्रार प्रसिद्धीपासून २ महिन्यांत, इतर नियतकालिकांसाठी ४ महिन्यांत. कात्रण, त्याचं भाषांतर, संपादकाशी झालेला पत्रव्यवहार, आणि प्रकरण न्यायालयात प्रलंबित नसल्याचं घोषणापत्र जोडायचं. बहुतेक तक्रारी या घोषणापत्रापाशी अडखळतात. १९७८ च्या प्रेस कौन्सिल कायद्याच्या कलम १४ प्रमाणे न्यायालयात प्रलंबित असलेल्या विषयाची चौकशी कौन्सिलला करता येत नाही. बदनामीचा दावा आधी ठोकलात तर ते दार बंद. कराराचा दावा चालू असेल तर वर्तमानपत्र हरकत घेतंच. म्हणून तक्रार आदेशाच्या चुकीच्या वृत्तापुरतीच ठेवावी, कोण खरं बोललं त्यात शिरू नये. कौन्सिल ताकीद देतं, नापसंती नोंदवतं, दंड करत नाही, भरपाई देत नाही. भरपाई हवी असेल तर दिवाणी दावाच, आणि त्याला मुदत फक्त १ वर्षाची. कौन्सिलच्या निकालाची वाट पाहत बसलेले लोक ही मुदत घालवून बसतात.

बरेच दावे शेवटी तडजोडीने मिटतात: काही रक्कम परत, चेक परत, क्लास ज्याचा त्याला. तडजोड पुरसीस (न्यायालयात द्यायचं तडजोडीचं लेखी निवेदन) लिहिताना आम्ही आता प्रेसबद्दलचं एक कलम घालतो. त्यात दोन्ही पक्ष विचारणा झाल्यास नेमकं कोणतं वाक्य सांगतील ते अवतरणात लिहितो, म्हणजे "उभयपक्षी वाद मिटला असून कोणीही कोणाविरुद्ध आरोप सिद्ध झाल्याचे म्हणत नाही" असं. त्याखाली जुन्या बातमीच्या लिंकचा पत्ता, आणि ती अद्ययावत करण्यासाठी संपादकाला पाठवायच्या संयुक्त पत्राचा मसुदा, दोघांच्या सह्यांसह, पुरसिशीलाच जोडलेला. हे पत्र नंतर लिहू म्हटलं की सही मिळत नाही, कारण तोवर चेक वटलेला असतो.